सातव्या खांबाची झील

"आ कर," केरोबुवा म्हणाले.

मी आ केला. त्यांनी माझी हनुवटी धरून मान उजेडाकडं वळवली, एक डोळा मिटून घशात पाहिलं आणि हनुवटी सोडून दिली.

"लाल नाही, सूज नाही. गोजरे, माझ्या घशापेक्षा तुझा घसा बरा आहे."

"गिळताना दुखतंय, बुवा," मी घोगरा आवाज काढून कुजबुजले.

"काय गिळताना?"

देवळामागच्या त्यांच्या खोलीत आम्ही दोघंच होतो. बाहेर पायरीवर माझ्या सासूबाई, ज्यांना मी आत्याबाई म्हणते, काठी मांडीवर आडवी टाकून बसल्या होत्या. माझा घसा धरला हे कळल्यापासून त्यांनी मला हळदीचं दूध पाजलं होतं, ओवा शेकून गळ्याला बांधला होता, आणि तरी माझा आवाज निघेना तेव्हा हाताला धरून इथं आणलं होतं. त्या दिवशी आमच्या पाथरवण गावात उपसणी होती. बारा वर्षांतून एकदा येणारी.

उपसणी म्हणजे काय ते सांगायला हवं. आमचा डोंगर ऐकणाऱ्या दगडाचा. काळा, गार, हात ठेवला तर किंचित ओला लागणारा. त्याच्यापाशी बोललेलं तो धरून ठेवतो. म्हणून घरं आम्ही मातीची बांधतो. भिंतींना कोण ऐकवत बसणार? नादोबाचा सभामंडप तेवढा त्या दगडाचा, बारा खांबांचा. कीर्तन दगडात मुरावं अशी वाडवडिलांची इच्छा. आणि ते मुरतंही. बुवांचं निरूपण, पदं, गजर हे सगळं दगड पचवतो. भर उन्हात नुसतं त्या मंडपात जाऊन बसलं तरी मन निवतं ते त्यामुळं. त्याला पचत नाही ती कुजबुज. कीर्तन चालू असताना खांबाला टेकून कोण काय बोललं ते त्याच्या पोटात जसंच्या तसं राहतं. बारा वर्षांत खांब तुडुंब भरतात, कण्हायला लागतात, त्यांना केसाएवढ्या चिरा जातात. तेव्हा उपसणीचं पद म्हणायचं. बारा चरण, एकेका खांबाला एकेक. चरण लागला की खांब पोटातलं सगळं क्रमानं बोलून टाकतो. एकदाच, साऱ्या गावासमोर. मग ते वाऱ्यावर जातं, पुन्हा ऐकू येत नाही.

बुवा ओळ टाकतात ती मागून उचलणं म्हणजे झील देणं. मी त्यांची झीलकरी. उपसणीत बुवांच्या ओळीनं दगड फक्त जागा होतो, उघडतो तो झील ऐकून. आणि झीलही त्याला रोजच्या ओळखीच्या गळ्याचीच लागते. तीनदा ओळ टाकूनही झील आली नाही तर तो खांब मिटतो. कायमचा.

"सातवा खांब वगळा, बुवा," मी म्हणाले.

"आवाज फुटला म्हणायचा," बुवा म्हणाले. मग पायरीकडं बघून त्यांनी आवाज खाली घेतला. "गोजरे, ती म्हातारी नऊ वर्षं या दिवसासाठी जगली. पोराचा आवाज एकदा ऐकीन आणि मग काय व्हायचं ते होऊ दे म्हणते. तिला काय सांगू मी?"

"म्हणून तर म्हणतेय."

गावात प्रत्येक घराचा खांब ठरलेला असतो. सातवा आमचा. आमचे हे, राणोजी, खाणीत होते. दुसऱ्या गावांच्या देवळांना आमच्या खाणीतून दगड जातो आणि तो कोरा जावा लागतो, एक शब्दही न ऐकलेला. म्हणून खाणीत कोणी बोलत नाही. दिवसभर हाताच्या खुणा. घण मारायचा तोही चामडं गुंडाळून. अशी दिवसभर मुकी राहिलेली माणसं संध्याकाळी कीर्तनाला येऊन बसत, आणि त्यांत आमचे हे सगळ्यांत बोलके. पुढं मी झीलेला उभी, आणि मागं सातव्या खांबाशी ह्यांची टकळी चालू. लोक मान वळवून बघायचे, आणि मग माझ्याकडं बघून हसायचे.

नऊ वर्षांपूर्वी सप्ताहाच्या चौथ्या दिवशी माझा तोल गेला. पूर्वरंग संपला होता, बुवांना हार घातला होता, कपाळोकपाळी बुक्का लावणं चाललं होतं. मी पाणी प्यायचं निमित्त करून सातव्या खांबाकडं गेले आणि दात आवळून ह्यांना म्हणाले, "तुमचं तोंड एकदाचं कायमचं बंद झालं ना, तर नादोबाला नारळ फोडीन."

आणि फिरून माझ्या जागी येऊन उभी राहिले.

दुसऱ्या दिवशी खाणीत ह्यांच्या डोक्यावरची शिळा सरकली. पलीकडचे गडी आठ हातांवर होते, पाठमोरे. हाक ऐकली असती तर पहार लावून वेळेत ओढून काढलं असतं, असं ते स्वतःच सांगत आले. हाक आली नाही. ह्यांच्या तोंडून शब्द निघाला नाही.

हे सगळं मी बुवांना सांगितलं. नऊ वर्षांत पहिल्यांदा कुणाला तरी.

बुवांनी उपरण्याचं टोक बोटाला गुंडाळलं, सोडलं. "म्हणजे तुला वाटतं, तू बोललीस म्हणून त्यानं तोंड मिटलं."

"मी देवाच्या मंडपात नवस बोलले. देवानं ऐकलं का ह्यांनी ऐकलं, मला ठाऊक नाही. कुणीतरी ऐकलं."

"आणि सासूनं?"

"त्यांनी नाही. त्या डुलकीत होत्या."

कीर्तनाला बसलं की आत्याबाईंचे डोळे मिटतात आणि मान छातीवर येते, हे गावात सगळ्यांना ठाऊक होतं. त्यांच्यावरून थट्टा व्हायची. हे गेल्यावर माझे वडील मला माहेरी न्यायला आले तेव्हा आत्याबाई दारात आडव्या उभ्या राहिल्या. "माझं हे एवढंच राहिलंय," म्हणाल्या, "हे पण नेता?" मग मी राहिले. नऊ वर्षं त्यांनी मला लेकीसारखं ठेवलं. घरात नारळ फोडायची वेळ आली की मी काही तरी निमित्त काढून परसात जायचे. त्या स्वतः फोडायच्या. कधी विचारलं नाही.

"आज खांब बोलला," मी म्हणाले, "की त्या घरात मला जागा नाही, बुवा. आणि त्यांनी ठेवलं तरी मी कुठल्या तोंडानं राहू?"

"मी ओळ टाकणार," बुवा उठत म्हणाले. "बारा चरणांचं पद मला अकराचं करता येत नाही. उचलायची का नाही ते तू बघ."

"लोकांनी विचारलं तर?"

"घसा धरलाय म्हणेन. हळदीचा वास येतोच आहे."

बाहेर आल्यावर आत्याबाईंनी बुवांचं तोंड न्याहाळलं. "काय हो बुवा? गाईल ना पोर?"

"देवाच्या हातात आहे."

"देवाच्या कशाला, तिच्या गळ्यात आहे," आत्याबाई म्हणाल्या आणि त्यांनी माझ्या हातात ज्येष्ठमधाची कांडी दिली. "दाढेखाली धर. चावू नकोस."

थोरला सूर्य डोंगरावर आला, पाठोपाठ धाकटाही आला आणि मंडपात प्रत्येक खांबाच्या दोन दोन सावल्या पडल्या. घराघरांतली माणसं आपापल्या खांबापाशी बसली. हरबानं मृदंगाची शाई तपासून थाप दिली. गजर झाला, "नादोबा महाराज की जय," आणि बुवा पहिल्या खांबासमोर उभे राहिले.

उपसणीची चाल साधी आहे. पहिला चरण अगदी खालच्या सुरात, जमिनीलगत. पुढचा प्रत्येक चरण एक पायरी वर. सातवा सगळ्यांत उंच. तिथून पुढं पद पायरीपायरीनं उतरत बाराव्याला पुन्हा जमिनीवर येतं. प्रत्येक चरणाच्या शेवटी बुवांनी टाकायचं, "भरल्या दगडा, हलका हो," आणि मी उचलायचं, "मुक्या दगडा, बोलका हो."

मी उचललं. पहिल्या खांबातून आधी नुसता श्वासासारखा आवाज आला, आणि मग शेवंताकाकूंचा, चांगला खणखणीत: "हे बुवा गातात का दळण दळतात गं?"

मंडप हसून लोळला. शेवंताकाकू पदर तोंडात धरून म्हणाल्या, "अहो, तेव्हा तुम्ही नवे होता बुवा!"

"आता जुनं जातं झालोय काकू," बुवा म्हणाले. "ऐका तुमचं पुढचं."

दुसऱ्यात कोणीतरी तीन वर्षं रोज पोटदुखीची तक्रार केली होती. तिसऱ्यात एक म्हातारा, आता नसलेला, नातवाला हळूच विचारत होता, "भूक लागली का रे?" आणि तो नातू, मिशा फुटलेला, खांबाला कवटाळून रडत होता. चौथ्यात सुतारांकडच्या बायका नव्या सुनेचं नाक मोजत होत्या. ती सून तीन पोरं घेऊन तिथंच बसली होती. तिनं सासूकडं वळून नुसतं बघितलं. सासू मंडपाच्या छताकडं बघत राहिली. हसू, रडू, पुन्हा हसू. उपसणीत असंच असतं. लोक सांगतात, बारा वर्षांत गावाला जेवढं खरं ऐकायला मिळतं तेवढं त्या एका दिवसात मिळतं.

सहावा संपला. बुवा सातव्याकडं वळले.

आत्याबाई खांबाला खेटून बसल्या होत्या. उजवा कान दगडाला लावलेला, डोळे मिटलेले, दोन्ही हात खांबाभोवती. नेसूची साडी त्यांनी नवी काढली होती, हे माझ्या तेव्हा लक्षात आलं.

बुवांनी चरण म्हटला, वरच्या सुरात, आणि ओळ टाकली. "भरल्या दगडा, हलका हो..."

मी तोंड मिटून उभी होते. मृदंगाचा ठेका एक आवर्तन पुढं गेला. हरबानं मान वळवून माझ्याकडं पाहिलं.

बुवांनी दुसऱ्यांदा ओळ टाकली. माझ्याकडं पाहिलं नाही. दगड कण्हला, जडसा, आतून. लोकांत चुळबूळ झाली. "घसा धरलाय तिचा," कुणी तरी म्हणालं. "उंच आहे हो चरण, आजारी माणसानं कसा गाठावा?"

आत्याबाईंनी डोळे उघडले. खांब सोडला. काठीवर भार टाकून उठल्या आणि मधल्या वाटेनं लोकांचे गुडघे चुकवत माझ्यापर्यंत आल्या. कमरेची चंची सोडून त्यांनी ज्येष्ठमधाची आणखी एक कांडी काढून माझ्या तोंडात घातली. माझ्या गळ्यावर हात ठेवला. त्यांचा हात दगडाच्या गारव्यानं गार झाला होता.

"राहू दे बाई," त्या म्हणाल्या. हळू म्हणाल्या, पण ऐकणाऱ्यांनी ऐकलं. "एवढ्या वर ताणलंस तर जन्माचा आवाज जाईल. नऊ वर्षं नाही ऐकलं त्याला, आणखी नाही ऐकलं म्हणून काय मरते का मी? पुढच्या खांबाला चला हो, बुवा."

"ओळ अजून एकदा टाकायची आहे," बुवा म्हणाले.

"मग टाका आणि चला."

त्या वळल्या. काठी टेकत सातव्या खांबाकडं परत जायला लागल्या. नऊ वर्षं वाट बघितलेली गोष्ट त्यांनी माझ्या खोट्या घशासाठी तिथंच सोडली होती. बुवांनी तिसऱ्यांदा ओळ टाकली, आणि ज्येष्ठमध तोंडातून काढून मी म्हटलं, "मुक्या दगडा, बोलका हो!"

आत्याबाई वाटेतच थांबल्या. मग त्या वयात धावता येईल तेवढ्या धावल्या.

"आये," खांब म्हणाला, ह्यांच्या आवाजात, "भोपळ्याला फूल आलंय, बघितलंस?"

"बघितलं रे," आत्याबाई खांबाला म्हणाल्या.

तीन वर्षांची बडबड होती ती. भोपळा, शेळीचा पाय, खाणीतल्या मुकादमाची चालण्याची ढब, कुणाच्या तरी लग्नात कमी पडलेला वरणभात. लोक हसत होते. आत्याबाई प्रत्येक वाक्याला उत्तर देत होत्या, "हो रे," "असं का," "मेल्या, तुला काय करायचंय." मी दिवस मोजत होते. सप्ताहाचा पहिला दिवस आला, दुसरा आला. चौथा आला.

"तुमचं तोंड एकदाचं कायमचं बंद झालं ना," माझा आवाज खांबातून आला, दात आवळलेला, "तर नादोबाला नारळ फोडीन."

मंडपात कोणी हसलं नाही. ह्यांचं मरण कुठल्या दिवशी झालं ते गावात प्रत्येकाला ठाऊक होतं. मी फरशीकडं बघत उभी राहिले. 

मग दगडातून हसू आलं. ह्यांचं.

"आये, ऐकलंस? चिडली."

"मग गप बस की, मेल्या!" हा आवाज आत्याबाईंचा. डुलकीतला नाही, चांगला जागा.

"गप कशाला? चिडली की हिची झील दोन सूर वर जाते. आता उत्तररंग लागला की बघ तू. म्हणून तर बोलतो मी."

मी मान वर केली.

"आणि काय सांगत होतो... हां, भोपळा. तो मांडवावर चढवला पाहिजे, आये. आणि त्या शेळीला..."

हे उत्तररंगभर बोलत राहिले. गावानं ऐकलं, मी ऐकलं. मधेच दगडातून केरोबुवांचा नऊ वर्षांपूर्वीचा आवाज कडाडला, "सातव्या खांबाची मंडळी, कीर्तन मी करू का तुम्ही करता?" आणि समोर उभे असलेले केरोबुवा तोंडाला उपरणं लावून हसायला लागले. मग सगळा मंडप हसला. खांबात हे क्षणभर गप्प झाले आणि पुन्हा, आणखी हळू आवाजात, "आये, बुवा चिडले."

मी आत्याबाईंपाशी कधी जाऊन बसले मला आठवत नाही. "आत्याबाई, मी तसं बोलले, म्हणून खाणीत ह्यांनी..."

"श्श," त्या म्हणाल्या. "तू बोललीस. त्यानं ऐकलं का? बोलतोय बघ अजून."

"पण हाक नाही मारली."

"वीस वर्षं खाणीत मुका राहिला. तिथं त्याच्या तोंडून हाक निघालीच नसती, घरात आग लागल्याचं सांगायला कुणी आलं असतं तरी. हातानं खूण केली असेल. बघणारा कोणी नव्हता." त्यांनी कान दगडाला लावूनच माझ्याकडं पाहिलं. "तुझ्या सांगण्यावरून त्याचं तोंड घटकाभर तरी बंद झालं का कधी? तो माझं ऐकत नव्हता, तुझं ऐकणार होता?"

"तुम्ही जाग्या होतात?"

"डोळे मिटले म्हणजे झोपले होय गं? डोळे उघडे ठेवून मला कीर्तन ऐकू येत नाही." मग म्हणाल्या, "हे मनात धरून बसलीस तू? एवढी वर्षं? विचारायचंस तरी."

"तुम्ही बोलला नाहीत."

"मला काय ठाऊक, त्याचं ते हसणं तुला ऐकू गेलं नाही म्हणून."

खांबातून ह्यांचं शेवटचं वाक्य आलं. "आये, उद्या भाकरी दोन जास्त बांध." मग आमच्या घरातलं त्या खांबात फारसं काही नव्हतं. नऊ वर्षं मी पुढं झीलेला उभी, आणि त्या तिथं एकट्या, गप्प. आत्याबाई तरीही शेवटची कुजबुज वाऱ्यावर जाईपर्यंत कान लावून बसल्या. दगड नुसता दगड राहिला तेव्हा त्यांनी त्याला हात जोडले आणि पदरानं डोळे पुसून मला कोपरानं ढकललं.

"ऊठ. आठवा खांब वाट बघतोय. त्यांची पण माणसं आहेत."

मी जाऊन बुवांच्या मागं उभी राहिले. आठवा चरण सातव्याच्या एक पायरी खाली असतो. बुवांनी ओळ टाकली, मी उचलली, आणि हरबा नंतर सांगायचा की झील चुकून सातव्याच्याच सुरात गेली. चिडलेली नव्हते मी. बुवांनी पुढची ओळ माझ्या सुराला आणून मिळवली, काही बोलले नाहीत. खांब मात्र उघडला.

धाकटा सूर्य मावळायच्या आत आम्ही घरी आलो. मी चूल पेटवली. आत्याबाईंनी आतून नारळ आणला आणि माझ्यासमोर ठेवला, कोयता शेजारी.

"नारळ फोडायचा म्हटलं की ही परसात पळते, मला वाटायचं हिला हाताला लागायची भीती," त्या म्हणाल्या. "फोड."

मी नारळ त्यांच्याकडं परत सरकवला.

"नवसाचा नाही गं. नवस कुठं फळला? सगळ्या गावानं ऐकलं आज, तोंड काही बंद झालं नाही. चटणीला हवाय."